चैतू वड्डे आणि लेखनिकाची चूक

चैतू वड्डे, सिमेंट कारखान्याच्या पॅकिंग प्लांटमधले लोडर, मूळ राहणार एटापल्ली तालुका. त्यांच्यावर अन्याय झाला मागच्या आठवड्यात बुधवारी, दुपारी पावणेचार वाजता, पोत्यांची थप्पी कोसळली तेव्हा. दुसरा अन्याय झाला त्याच संध्याकाळी, दवाखान्याच्या व्हरांड्यात, कागद भरताना. आणि एक अन्याय या दोन्हींच्या तीन आठवडे आधी झाला, मंगळवारी, सकाळी दहाच्या सुमारास. तो मी केला.

बघा चैतूभाऊ, पहिल्याच ओळीत नाव, मग वेळ. शिस्त तुमचीच. दर रविवारी सायकल दुकानामागच्या आपल्या खोलीत युनियनचं पत्रक छापायला जायच्या आधी तुम्ही मला ते मोठ्यानं वाचायला लावायचे. स्वतःला अक्षर येत नव्हतं, पण कान पक्का. भिंतीला टेकून, डोळे मिटून ऐकायचे आणि मधेच हात वर करायचे. "इथी झोप आली मले." मी ती ओळ खोडायची. एकदा मी 'प्रस्थापित नेतृत्वाची दलाली' असं लिहिलं होतं, तर म्हणाले, "हे कोन आहे व? शेषरावच आहे न? तं शेषरावच लिही. आपल्या लोकाईले वाटन दुसराच कोनी आला." मग खिशातून गुळाचा खडा काढून द्यायचे. धुळीत काम करणारे सगळेच गूळ खातात, पण मला कशाला, असं विचारलं तर म्हणायचे, "लिहिनंबी धुळीचंच काम आहे, बाई."

आज हे लिहिते आहे आणि हात वर करणारं कोणी नाही. तेव्हा कुठे झोप आली तर माफ करा.

तुम्हाला माहीत असलेलं थोडं इथं सांगावं लागेल, कारण हे गेटबाहेर आणि राजुऱ्याच्या बाजारातही वाटलं जाणार आहे. आपल्या प्लांटमध्ये दोन युनियन आहेत. एकीला कोर्टाची मान्यता आहे. ती मालकासमोर खुर्चीवर बसते, करारावर सही करते, सुरक्षेच्या बैठकीला जाते. तिचा पुढारी शेषराव. दुसरी आपली. आपण गेटबाहेर उभं राहून ओरडतो. आपण 'थप्पी इतकी उंच लावू नका' म्हणून तीन अर्ज दिले, तेव्हा ठेकेदाराच्या मॅनेजरनं अर्ज उघडलासुद्धा नाही. "मान्यता आहे का तुमच्याजवळ? नाई न? मंग कोन तुम्ही?" म्हणून आपण औद्योगिक न्यायालयात गेलो. आमचे सभासद जास्त आहेत, मान्यता आम्हाला द्या, एवढंच मागणं होतं. कोर्ट सभासदांची यादी मागतं आणि ती ठेकेदाराच्या हजेरीपटाशी ताडून बघतं.

आणि तिथंच आपलं भांडण सुरू झालं, तुमचं आणि माझं.

गेटवर तुम्ही सुधाकर टेकाम होता. सुधाकर तुमचा साळा, तुमच्या बायकोचा, मैनाबाईचा सख्खा भाऊ. त्याची जमीन कारखान्यात गेली म्हणून त्याला पास मिळाला. दोन वर्षांत त्याची कंबर गेली. तुम्ही एटापल्लीकडून, नक्षलभागातून आलेले, पोलिसांचा चारित्र्याचा दाखला मिळायला तिकडच्या माणसाला जन्म जातो, आणि दाखल्याशिवाय पास नाही. मग साळ्याचा पास गळ्यात अडकवून तुम्ही आत शिरले. फोटोवर सिमेंट इतकं बसलं होतं की त्यात कोणाचंही तोंड खपलं असतं. ठेकेदाराला माहीत, सुपरवायझरला माहीत, शेषरावला माहीत. तुमच्यासारखे किती आहेत तेही माहीत. भावाच्या नावावर भाऊ, चुलत्याच्या नावावर पुतण्या. वर्षानुवर्षं असंच चालतं, कारण दुसऱ्याच्या नावावर राबणारा माणूस कधी तोंड वर करून बोलत नाही.

शेषरावनं आपल्या सभासदांची नावं पासवरची लिहिली. शहाणा माणूस. मी पण तेच म्हणत होते. फॉर्म भरायच्या दिवशी मी पेन टेकवून बसले होते, "भाऊ, सुधाकर लिहिते." तुम्ही फॉर्मवर हात ठेवला.

"नाई. चैतू लिही."

"कोर्ट हजेरीपट पाहते, भाऊ. चैतू नावाचा कोणी तिथं नाही."

"तिथी नाई, मान्य. इथी तं मी बसून आहो न तुह्यासमोर."

मी चिडले. कायदा समजावला. तुम्ही ऐकून घेतलं आणि मग जे बोललात ते मी तेव्हा नीट ऐकलंच नाही. आता रोज ऐकते. म्हणाले, "दिवसभर साळ्याच्या नावानं ओ देतो. घरी बायको नाव घेत नाई, पोरं बाबा म्हनतात. माहं नाव घेनारे समदे गावाले राह्यले. इथी कोनी घेतच नाई. तू रविवारी हजेरी घेतेस, तेवढंच."

रविवारची हजेरी. मी यादी वाचायची आणि एकेकानं 'हाजीर' म्हणायचं. सगळे कंटाळून म्हणायचे. तुम्ही मात्र शर्ट नीट करून, ताठ बसून म्हणायचे. मला वाटायचं, नवखेपणा आहे, जाईल.

तुमचं बघून बाकीच्यांनीही खरी नावं लिहिली. पासवरचं नाव युनियनच्या वहीत नको, असं जणू ठरूनच गेलं. मीही शेवटी मान हलवली. कोणत्याही वकिलानं केली नसती अशी चूक आपण सगळ्यांनी मिळून केली. सरकारदरबारी खरं सांगितलं.

मग तपासणी अधिकारी आले. गेटच्या आत टेबल मांडलं. एका बाजूला शेषराव, एका बाजूला मी, मागे ठेकेदाराचा सुपरवायझर. साहेबांनी आपली यादी हातात घेतली आणि हाक दिली, "चैतू वड्डे." कोणी पुढे आलं नाही. परत, "चैतू वड्डे." तुम्ही टेबलापासून पाच पावलांवर उभे होते. सिमेंटनं भुवया पांढऱ्या झालेल्या. तिसऱ्या हाकेला तुम्ही जमिनीकडे पाहिलं. शेषराव खुर्चीतच मागे रेलला. "ताई, तुमच्या युनियनमध्ये भुतं भरती केले काय वो?" हसले सगळे. आपलेही दोघे हसले. साहेबांनी लिहिलं: या नावाची व्यक्ती आस्थापनेत कामावर आढळून आली नाही. मग पुढचं नाव. मग त्याच्या पुढचं.

बाहेर आल्यावर मी तुम्हाला रस्त्यातच गाठलं. काय काय बोलले ते इथं छापत नाही. एक छापते, कारण ते खोडायचा हक्क मला नाही. मी म्हणाले, "नावाचा एवढा पुळका होता, तर हात वर करायला काय झालं होतं? घाला आता त्या नावाचं लोणचं."

तुम्ही म्हणाले, "हात वर केला असता तं पास गेला असता, बाई. माहाबी, सुधाकरचाबी." आणि सायकलवर बसून निघून गेले. माझ्या तोंडाला लागला नाहीत. हेच मला जास्त लागलं.

कोर्टानं दुरुस्त यादी द्यायला मुदत दिली. वकिलांनी रस्ता काढला: ज्यांची नावं जुळत नाहीत, त्यांच्या पासवरच्या नावानं प्रतिज्ञापत्र द्या, आणि जुनं नाव चुकीनं पडलं म्हणा. बाकीच्यांनी सह्या केल्या. तुम्ही नाही म्हणाले. आणि मग तो मंगळवार. मी तुम्हाला विचारलंच नाही. सरळ सुधाकरच्या घरी गेले. तो अंगणात खाटेवर पडून होता. मी म्हणाले, "सुधाकरभाऊ, इथं सही करा. पास तुमच्याच नावाचा, तर सभासदही तुम्हीच." त्यानं विचारलं, "अन् भाऊजी?" मी म्हणाले, "त्यांचं पाहू नंतर."

कागद एकदम चोख झाला. सही खरी, फोटो खरा, नाव हजेरीपटावर जसंच्या तसं. वर माझ्याच हातानं मजकूर लिहिलेला होता: 'चैतू वड्डे हे नाव लेखनिकाच्या चुकीने पडले असून सभासदाचे खरे नाव सुधाकर टेकाम असे आहे.' लेखनिक मीच. अकरा वर्षं पोती उचलणारा माणूस मी चूक म्हणून खोडला आणि ज्यानं अकरा वर्षांत एक पोतं उचललं नाही, त्याला सभासद केलं. परतताना मी खूश होते. मान्यता मिळणार होती. थप्पी खाली येणार होती. तुमच्याच डोक्यावरची थप्पी, भाऊ. हेही खरं आहे आणि ते मी लपवत नाही.

रविवारी मी नव्या यादीवरून हजेरी घेतली. तुम्ही नेहमीच्या भिंतीला टेकून होता. मी वाचलं, "सुधाकर टेकाम." खोलीतल्या सगळ्या माना तुमच्याकडे वळल्या. तुम्ही उठले, चप्पल पायात सरकवली आणि दारातून म्हणाले, "चांगलं केलं, बाई. आता इथीबी नाई मी."

मी पुढचं नाव वाचलं. तुमच्या मागे गेले नाही. मनात म्हटलं, रुसले आहेत, मान्यता मिळाली की येतील, गूळ घेऊन येतील. पुढचे दोन रविवार तुम्ही आले नाहीत. आणि तिसऱ्या रविवारच्या आधी बुधवार आला.

थप्पीखालून तुम्हाला काढलं तेव्हा गळ्यात पास होता. सुपरवायझरनं तो वाचून दाखवला. दवाखान्यात नाव लिहिलं गेलं, सुधाकर टेकाम. पंचनाम्यात तेच. सुधाकर तोंडाला गमचा गुंडाळून झाडाखाली उभा होता, जिवंत. सुपरवायझर त्याच्या कानाशी लागून सांगत होता, "खरं बोलसान तं दोघाईवर फसवणुकीची केस. तुह्या बहिनीले काईच भेटनार नाई. गप राय, काई दिस गावात दिसू नको." मग मैनाबाईला व्हरांड्यात टेबलापाशी बोलावलं. कारकुनानं विचारलं, "मयत तुमचे कोण?" तिनं भावाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मी खाली पाहिलं, जसं तुम्ही गेटवर पाहिलं होतं. तुमच्या पोटात भीती होती, ती मला समजते. माझ्या पोटात यादी होती. दुरुस्त यादी, सुनावणी, मान्यता. मैनाबाई म्हणाली, "भाऊ." आणि अंगठा दिला.

नवऱ्याच्या मढ्याला भाऊ म्हणवून घेतलं तिच्याकडून. मग ती बहिणीसारखी रडली, कारण कारकून बघत होता.

गुरुवारी सकाळी आम्ही तुम्हाला पिकअपमध्ये घालून तुमच्या गावाकडे निघालो. चामोर्शी आलं, माझं गाव, मी मान वर केली नाही. पुढे जंगलातल्या नाक्यावर शिपायानं कागद मागितले. त्यानं कागदावरचं वाचलं, मग आमच्याकडे पाहिलं. "राजुऱ्याचा माणूस इकडे काऊन आणून राह्यले?" मी म्हणाले, "सासरवाडी आहे साहेब त्यांची." त्यानं मान हलवली, हात जोडले आणि अडसर वर केला. चांगला माणूस होता. त्यालाही मी खोटंच दिलं.

तुमच्या गावात मात्र कागद कोणी मागितला नाही. गाडी थांबायच्या आधीच एक म्हातारी पळत आली आणि तुमचं नाव घेऊन रडायला लागली. मग दुसरी, मग गडीमाणसं, सगळे नाव घेत होते. चैतू, चैतू. मी इतक्या वर्षांत तुमचं नाव इतक्या तोंडांतून कधी ऐकलं नव्हतं. तुमच्याकडे मेलेल्या माणसासाठी दगड उभा करतात. त्यावर काही कोरलेलं नसतं. गाव ओळखतं कोण उभा आहे ते. मी तिथं हातात युनियनचा झेंडा घेऊन उभी होते आणि तो अंगावर टाकायची माझी हिंमत झाली नाही. तसाच गुंडाळून परत आणला.

परत आले तर गेटवर दोन बोर्ड लागले होते. एक शेषरावच्या युनियनचा: आमचे लढाऊ सभासद सुधाकर टेकाम यांना श्रद्धांजली. आणि शेजारी एक आपला: आमचे लढाऊ सभासद सुधाकर टेकाम यांना श्रद्धांजली. आपल्या बोर्डाचा हार थोडा मोठा होता. दोन्ही युनियनचे पोरं तिथंच हुज्जत घालत होते की मेलेला कोणाचा. आणि ज्याचं नाव दोन्ही बोर्डांवर होतं तो घरात दार लावून बसला होता.

आपले अध्यक्ष वासुदेवभाऊ. वाईट माणूस नाही, तुम्हाला माहीत आहे. आपल्यासाठी ते दोनदा जेलात जाऊन आले. मी त्यांना म्हणाले, मैनाबाईला चैतू वड्डेची बायको म्हणून उभं करू. ते म्हणाले, "येत्या सोमवारी सुनावणी आहे. यादी जुळली आहे. तू आता चैतूचं नाव काढलं तं समदी यादी खोटी पडते. शेषरावचा वकील त्याच्याच वाटेवर बसून आहे. सोमवारपर्यंत तोंड बंद ठेव. मान्यता भेटू दे, मंग मैनाबाईचं पाहू."

'त्यांचं पाहू नंतर.' हेच मी सुधाकरच्या अंगणात म्हणाले होते. नंतर म्हणजे काय ते मी पाहिलं आहे. शिवाय नंतर काय पाहणार? मान्यता ज्या यादीवर मिळेल तिच्यात लिहिलं आहे की चैतू वड्डे ही लेखनिकाची चूक. मैनाबाई कोर्टात जाईल, तेव्हा कंपनीचा वकील आपलाच कागद काढून दाखवेल. तुमच्या बायकोला खोटं पाडायला शेषराव लागणार नाही, आपणच पुरे. नुकसानभरपाई मिळाली तर सुधाकरच्या बायकोला मिळेल, ती जिवंत नवऱ्याची विधवा म्हणून सही करेल, आणि सुधाकर उरलेला जन्म मेलेला म्हणून काढेल. तो परवा म्हणाला, "देईन न मी मैनाताईले समदं." देईलही. पण तुम्ही कुठी आहात यात, भाऊ?

आणि वासुदेवभाऊंचंही चुकीचं नाही, हे मला छळतं. मान्यता गेली तर सुरक्षेच्या बैठकीत परत शेषराव बसेल, आणि तो तिथं चहा पिऊन येतो. थप्पी तितकीच उंच राहील. उद्या तिच्याखाली जो येईल त्याचा दोष माझ्याकडे येईल. मी दोन्ही बाजू तोलून पाहिल्या. तुम्ही असता तर एका वाक्यात मिटवलं असतं, किंवा मला झोप आली म्हणाले असते. मला एवढंच कळलं, की खोट्या नावांवर मिळालेली मान्यता ठेकेदार मुठीत ठेवेल. ज्या दिवशी आपण जास्त बोलू त्या दिवशी तो म्हणेल, काढू का तुमची यादी बाहेर? मग आपणही चहा पिऊन येऊ.

म्हणून मी काल माझं प्रतिज्ञापत्र दिलं आहे. ते नाव चुकीनं पडलं नव्हतं, ते माणसानं सांगून लिहिलं होतं, आणि खोडलं ते मी. त्यासोबत आपली पहिली यादी जोडली आहे, तीच, नामंजूर झालेली. तुम्ही इथं होतात हे सांगणारा तेवढाच एक कागद आहे. वकिलांनी विचारलं, "तुझ्यावर काय केस होईल माहीत आहे?" माहीत आहे. युनियननं मला पदावरून काढलं आहे. हे पत्रक युनियनचं नाही, माझं एकटीचं आहे.

माफी मागत नाही, भाऊ. तुम्ही ती ओळ खोडायला लावली असती.

आता तुमच्याशी बोलणं थांबवते आणि वाचणाऱ्यांशी बोलते.

तू, जो हे गेटबाहेर वाचतो आहेस आणि ज्याच्या गळ्यात भावाचा, चुलत्याचा, साळ्याचा पास आहे. तू आपल्या युनियनचा असशील किंवा शेषरावचा, मला फरक पडत नाही. एका माणसाचं कोर्ट ऐकणार नाही, मी एकटी बोलले तर म्हणतील बाई फिरली. वकील म्हणतात, बरेच जण उभे राहिले तर तपासणीच्या साहेबांना यादी नव्यानं, खऱ्या माणसांवरून करावी लागेल. लागेलच असं ते म्हणत नाहीत. तुझा पास वाचेल असं मीही म्हणत नाही. जाऊ शकतो. हे तुला खोटं सांगून बोलवायचं नाही मला.

पण थप्पी तुझ्याही मागे उभी आहे, आणि तिच्याखालून तुला काढतील तेव्हा तुझी बायको कोणाची बहीण होणार, ते तू आजच ठरवतो आहेस.

सोमवारी सकाळी अकरा वाजता औद्योगिक न्यायालयात ये. न्यायाधीश साहेब विचारतील, चैतू वड्डे नावाचा माणूस पॅकिंगमध्ये काम करत होता का. हो म्हण. मग ते विचारतील, तू कोण. पास खिशात ठेव आणि तुझं नाव सांग.